स्थगितीचे पेढे

हे गेले, तेव्हा कस्टमविरुद्धचं आमचं अपील ट्रायब्युनलमध्ये पडून होतं. मशीनच्या तेलाचा वास आला की त्याआधीची एक दुपार आठवते. आयात करताना किंमत कमी दाखवली, असं म्हणत कस्टमने आमची पिरंगुटजवळच्या शेडमधली मशीन जप्त केली होती. अपिलाचा निकाल लागेपर्यंत ती उचलून नेऊ नये, चालवू द्यावी, अशी स्थगिती हायकोर्टाने दिली आणि ह्यांनी पेढे आणले. पत्र्याखालच्या उकाड्यात मशीन पुन्हा धडधडू लागली. शेड भरे गावातल्या एका शेतकऱ्याची होती. तिथे त्याला मुलासाठी घर बांधायचं होतं. दिवाळीपर्यंत शेड मोकळी करून देतो, असा ह्यांनी शब्द दिला होता. बातमी ऐकून तो दारातूनच ओरडला, "वैनी, जिकलात न्हवं! आता मशीन न्या कुटं बी, आमी पाया खांदतो." ह्यांनी त्याच्या हातावर पेढा ठेवला आणि खाली बघत म्हणाले, "निकालापर्यंत मशीन इथून हलवायची नाही, अशी कोर्टाची अट आहे. मी ती कबूल करून आलोय." आवाजामुळे त्यांना ते पुन्हा सांगावं लागलं. "म्हंजी कोर्टानं तुमाला सोडलं आन माझी शेड धरली, व्हय?" म्हणत तो हसला. सुटल्यासारखे आम्हीही हसलो. त्या हसण्याची मला फार लाज वाटते. अपिलाचा निकाल अजून लागलेला नाही. मशीन त्याच्याच शेडमध्ये आहे, आणि त्याचा मुलगा बायकोला घेऊन भाड्याच्या खोलीत राहतो.