वडगावच्या मामांची कात्री

जगातल्या समस्त सेन्सॉरवाल्यांचा माझ्या वडगावच्या मामांइतका मनापासून तिरस्कार करणारा माणूस अख्ख्या बारामती तालुक्यात दुसरा नसेल. उसाला पाणी सोडून आले की पाय धुऊन ते जे टीव्हीसमोर बसत, ते हिंदीत बोलणारी तुर्की मालिका संपेपर्यंत. तीच मालिका त्यांची मुलगी रेश्मा कुवेतला तिथल्या वाहिनीवर बघे, आणि रविवारी व्हिडिओ कॉलवर दोघं कुठल्या देशात काय कापलं याची पडताळणी करत. आपल्याकडे नायकाच्या पेल्यावर नुसता धुरकट ठिपका येई. तिकडे दारूला संवादातच सरबत करून टाकलेलं. आपल्याकडे बिनलग्नाचं राहणारं जोडपं तिकडच्या शहाण्यांनी पहिल्याच भागात नवरा-बायको म्हणून दाखवलं. पुढे त्याच दोघांचं थाटामाटात लग्न लागलं, तेव्हा तिकडच्यांची पंचाईत झाली आणि त्यांनी अख्खं लग्नच उडवलं. "नवरीचा मेकप वाया घालवला बेण्यांनी!" मामा कडाडले. "आन् सरबत पिऊन कोण झिंगतं रं? बघणाऱ्याला अक्कल न्हाय व्हय?" कापलेली जागा हेरण्यात ते वस्ताद होते आणि ती विद्या त्यांनी लेकीलाही शिकवली होती. "माणसाकडं बघू नगं पोरी, मागं बघ. मागलं सामान बदललं, म्हंजी मधलं कापलं."

हेच मामा, मालिकेतली जोडी जवळ यायला लागली आणि मामी चहा घेऊन आली, की झटकन बाजारभाव लावत. कांद्याचे दर संपेपर्यंत जोडी दूर झालेली असे. "ह्ये सेन्सॉर न्हाय, ही लाज हाय," असं वर मलाच ऐकवत. इतका ढोंगी माणूस मी दुसरा पाहिला नाही, आणि इतका लाडकाही.

मग मामीला अर्धांगाचा झटका आला. रेश्माला सातवा महिना होता, त्यामुळे तिला काही कळू द्यायचं नाही असं मामांनी परस्पर ठरवून टाकलं. मी दर रविवारी इंदापुराहून जात असे. ते मला फोन धरायला लावत आणि दटावत, "माझं तोंड तेवढं दिसू दे." मामी बारामतीच्या दवाखान्यात, आणि हे हसून सांगताहेत, "आई व्हय? कन्हेरीला गेलीया, तुझ्या मावशीकडं." पुढच्या रविवारी आई देवळात होती, तिसऱ्या रविवारी शेजारच्या साखरपुड्याला. मला संताप येत होता, तरी मी मुकाट्यानं फोन धरून उभा राहिलो. त्याची मला आजही लाज वाटते.

तिसऱ्या रविवारी रेश्मानं मालिकेचा विषयच काढला नाही.

"आबा, तुमच्या मागं धुण्याची दोरी दिसतीया. तीन रविवार झालं, तिच्यावर आईची एकबी साडी न्हाय. मधलं काय कापलंय?"

मामांनी मान फिरवून दोरीकडे पाहिलं. तिच्यावर त्यांचेच दोन सदरे होते. मग ते ओसरीतच खाली बसले, रडले, आणि रडत रडत त्यांनी सगळं सांगितलं.

आता मामी घरी आहे. तोंड जरा वाकडं झालंय, एकेका शब्दाला वेळ लागतो. सेन्सॉरवाल्यांना शिव्या देणं मामांनी सोडलेलं नाही, पण आवाज पूर्वीसारखा चढत नाही. रविवारी ते स्वतः फोन मामीसमोर धरतात. पलीकडे रेश्मा बाळाला मांडीवर घेऊन थांबून राहते. परवा मला राहवलं नाही, मी मामीचं अडलेलं वाक्य पुरं करायला गेलो, तर मामांनी माझा दंड दाबला.

"थांब," ते म्हणाले. "तिचं तिला बोलू दे. लेक बघतीया."