जांभळ्या अंगठ्याचं लेबल

सुमनताई गेल्याचा फोन आला त्या दिवशी मी खूप रडले. तीन आठवड्यांनी कुळगावच्या एका दुकानात जांभूळ सरबताची नवी बाटली दिसली, तेव्हा मात्र अंगाचा तिळपापड झाला. लेबलावर अंगठ्याचा जांभळा ठसा होता. ठशाची कल्पना सुमनताईंची, अंगठा माझ्या आईचा.

ताई शाळेत आम्हाला चित्रकला शिकवायच्या. आमच्या पाड्यावरची मी पहिली पदवीधर. कॉलेजचा फॉर्म भरायला माझ्यासोबत त्याच आल्या होत्या. निवृत्तीनंतर त्या छोट्या कारखान्यांसाठी लेबलं, बोधचिन्हं करायच्या. आनंदनगरच्या एका कारखान्याच्या मालकांनी जांभूळ सरबताच्या लेबलाचं काम दिलं, तेव्हा त्यांनी पेन्सिलही उचलली नाही. मला म्हणाल्या, "चल, तुझ्या आईकडे." दिवसभर पाड्यावर बसून बायकांना त्याच सरबतासाठी जांभळं निवडताना पाहत राहिल्या. आई प्रत्येक फळ अंगठ्याने हलकेच दाबायची आणि कच्चं बाजूला टाकायची. "बाई, नुस्त्या बघता काय? निवडा की!" आईने टोमणा मारला. ताईंनी निवडलेली निम्मी कच्ची निघाली, बायका हसून हसून दमल्या... आईच्या त्या माखलेल्या अंगठ्यातच ताईंना चिन्ह सापडलं.

मालक चित्र बघून म्हणाले, "मॅडम, अंगठा? लोक बोलतील, अनपढ लोकांचा माल आहे. काहीतरी चमकणारं टाका ना, द्राक्षं वगैरे!" माझी आई आजही अंगठाच लावते. मी मान खाली घातली... ताईंनी नाही घातली. "हा अंगठा चुकला तर तुमचं सरबत तोंडात धरवणार नाही," त्या म्हणाल्या. काम हातचं गेलं. चित्र मात्र मालकांनी ठेवून घेतलं.

आणि आता तोच ठसा! मी मालकांना गाठलं, लेबलावर ताईंचं नाव टाका म्हणाले. "ते आमच्या एजन्सीचं कॉन्सेप्ट आहे," ते म्हणाले. "आणि मॅडम तर गेल्या. आता नाव टाकून काय फायदा?" फायदा? जिवंतपणी ज्यांना दारातून परत पाठवलं, त्यांचं काम मेल्यावर वापरायचं आणि वर हा प्रश्न विचारायचा?

पुरावा शोधायला मी ताईंच्या खोलीत गेले. टेबलाच्या खणात एक मोठा कागद मिळाला. पाड्यावरच्या सगळ्या बायकांचे अंगठे, रस सुकून तपकिरी झालेला. प्रत्येक ठशाखाली ताईंच्या सुरेख अक्षरात त्या त्या बाईचं पूर्ण नाव. आईचंही. ताईंचं मात्र कुठेच नव्हतं. कागद उलटून पाहिला... मागची बाजू कोरी होती.