अण्णांची बाग आणि टोपीवालं पिल्लू

माझ्या वडिलांची आंब्याची बाग मी एका दुपारी पंख्याखाली बसून उजाड केली. कुऱ्हाड लागली नाही, करवत लागली नाही. उजव्या हाताचं एक बोट पुरलं.

विश्वास बसत नसेल तर मुळापासून सांगतो. आमचं गाव रत्नागिरीहून गणपतीपुळ्याकडे जाताना आत वळल्यावर लागतं. घरामागे, सड्याला म्हणजे कातळाच्या माळाला लागून, अण्णांची म्हणजे माझ्या वडिलांची हापूसची कलमं आहेत. या माणसाने आयुष्यभर दोनच शत्रू मानले, तुडतुडे आणि वानर. (तिसरा घरातच वाढतोय, हे त्यांना फार उशिरा कळलं.) तुडतुड्यांवर फवारणी असते. वानरांवर काहीच नसतं! फटाके लावा, डबे बडवा, बुजगावण्याला जुना सदरा घाला, वानर तोच सदरा ओढून बघतात आणि झाडावर जाऊन बसतात.

तर हे अण्णा एकदा शिडीवरून पडले. खुब्याचं हाड मोडलं. मी मुंबईहून धावत आलो, आणि आल्याआल्या शहाणपणाचं काम केलं. बाग कराराने दुसऱ्याला द्यायला लावली. "अण्णा, खूप केलंत. आता तुम्ही फक्त आराम करायचा!" अण्णा म्हणाले, "दिली तर दिली." त्या तीन शब्दांत काय होतं ते मी तेव्हा ऐकलंच नाही. मला परतीची गाडी पकडायची होती.

पण अण्णांना आरामाचा काडीचाही अनुभव नव्हता. ते पडवीत खुर्ची टाकून बसायचे आणि कराराच्या गड्यांवर ओरडायचे, "अरे मेल्या, झेल्याने काढ! झोडतंस काय?" (झेला म्हणजे आंबा अलगद उतरवायची जाळीची काठी.) गडी हसायचे, अण्णा चिडायचे, आणि आई फोनवर माझं डोकं खायची. यावरही मी तोडगा काढला. अण्णांना स्मार्टफोन घेऊन दिला! आता मी मुंबईत एका कंपनीत 'सिस्टीम'मध्ये आहे. (लोक विसरलेले पासवर्ड मला विचारतात, मी नवीन करून देतो. पण गावात 'सिस्टीम' म्हटलं की लोक खुर्ची पुढे करतात.) त्यामुळे फोनच्या बाबतीत माझा शब्द घरात शेवटचा. फोन स्वस्तातला घेतला, आणि स्वस्त फोनचं कसं असतं, तर तो एकटा येत नाही. कंपनीने आधीच आत भरून ठेवलेल्या अ‍ॅपांचं वऱ्हाड घेऊन येतो.

त्यानंतर आई फोनवर तक्रार करेनाशी झाली. उलट मी रविवारी फोन केला की अण्णाच घाईत असायचे.

"बोल लवकर. बागेत जायचाय."

"कुठली बाग, अण्णा? बाग आपण दिली ना कराराने?"

"ती येगली. ही येगली. ठेव आता, शिंपण ऱ्हायलाय."

मी फोन ठेवून बायकोला म्हटलं, "अण्णांना विसरायला व्हायला लागलंय गं." बायको हळहळली. मीसुद्धा हळहळलो. एवढी हळहळ करण्याऐवजी मी एकदा नीट विचारलं असतं, तर हा लेख लिहायची वेळ आली नसती.

मे महिन्यात आंबे खायला गावी गेलो. पाहतो तर अण्णा चक्क खुशीत! चेहऱ्यावर तजेला, चहाला मागे-पुढे नाही, गड्यांवर ओरडणं नाही. मी मनात म्हटलं, बघा, आराम कसा लागू पडतो. दुपारी जेवून अण्णा आतल्या खोलीत आडवे झाले, तेव्हा आई त्यांचा फोन घेऊन आली.

"सुध्या, ह्याचा काय ता बघ रे. तापतो नुसता. काल तुझ्या आत्येचा देवरूखसून फोन आला, तर उचलला जाईना."

"आत्ता बघतो! दे इकडे."

आईने फोन दिला आणि ती भांडी घासायला मागे गेली. तेवढीच एक चूक तिची, बाकी सगळ्या माझ्या.

मी फोन उघडला. बाप रे! काय ती गर्दी! इंग्रजी बातम्यांचं अ‍ॅप. शेअरबाजाराचं अ‍ॅप. पोट कमी करण्याचं अ‍ॅप (अण्णांना पोटच नाही). भिंतीवरचे देखावे रोज बदलणारं अ‍ॅप. एक ब्राउझर असताना आणखी दोन ब्राउझर. मी काढायला गेलो, तर 'काढून टाका' हा पर्यायच नाही! कंपनीचेच पाहुणे ना ते, त्यांना घालवता येत नाही. फक्त 'बंद करा' एवढंच. मग काय, माझ्यातली सगळी सिस्टीम जागी झाली. बंद करा, बंद करा, बंद करा! त्या जोशात एकदा फोटोंचं अ‍ॅपही बंद केलं आणि आमच्या लग्नासकट सगळे फोटो दिसेनासे झाले. पण ते लगेच परत चालू केलं. (इथेच थांबायला हवं होतं. पण ते परत आलं म्हणजे सगळंच परत येतं, असं मला वाटलं.)

शेवटी राहिलं एक चित्र. गवताची टोपी घातलेलं, डोळे मिचकावणारं कोंबडीचं पिल्लू. लहान मुलांचा शेतीचा खेळ! सगळ्यात जास्त जागा हेच खात होतं. मला अण्णांची कीव आली. चाळीस कलमांच्या मालकाच्या फोनमध्ये कंपनीने पिल्लू कोंबावं! मी 'बंद करा' दाबलं. वर एक चौकोन आला, की अ‍ॅप मूळ स्वरूपात जाईल, त्यातली सगळी माहिती पुसली जाईल, चालेल का? आम्ही सिस्टीमवाले लोकांना सांगतो, नीट वाचून मग दाबा. आम्ही स्वतः वाचत नाही. दाबलं.

फोन भराभर चालायला लागला. मी आत्याला फोन लावून दाखवला. आई भांडी घासताघासता "गुणाचा रे माझा झील" म्हणाली. हे कौतुक साधारण चार वाजेपर्यंत टिकलं.

चारला अण्णा उठले. तोंड धुतलं, चष्मा लावला, पडवीतल्या खुर्चीत बसले आणि फोन हातात घेतला. एकदा इकडे सरकवलं, एकदा तिकडे. चष्मा पुसला. परत सरकवलं.

"गो, माझा पिल्लू कुठं गेला?"

"ते होय! ते मी काढलं, अण्णा," मी आंब्याची फोड खात म्हणालो. "कचरा होता नुसता. बघा आता फोन कसा पळतोय!"

अण्णांनी माझ्याकडे पाहिलं. ओरडले नाहीत. मला लहानपणापासून त्यांच्या ओरडण्याची सवय आहे, त्यामुळे मी घाबरलो.

आई हात पुसत बाहेर आली. "सुध्या! तू पिल्लाला हात लावलंस? अरे, बाग होती ती त्यांची!"

मग आईने सांगितलं ते असं. फोन घरात आल्यावर अण्णांनी त्या खेळात आधी गाजरं लावली. मग टोमॅटो, मग पेरू. खेळाचा नियम असा, की बरंच पिकवल्याशिवाय आंब्याचं रोप मिळत नाही. अण्णा महिनोन् महिने गाजरं काढत राहिले. ज्या दिवशी आंबा मिळाला त्या दिवशी त्यांनी आईला गूळपोळी करायला लावली. नंतर बाकी सगळं उपटलं आणि पडद्यावर आपली खरी बाग मांडली. विहिरीवरचं कलम विहिरीशी. वाकडं कलम कोपऱ्यात. आजीने लावलेलं गडग्याच्या म्हणजे दगडी कुंपणाच्या कडेला, अगदी तिथल्या तिथे. सकाळी शिंपण, दुपारी शिंपण.

"माका काय म्हणायचे माहीताय?" आई म्हणाली. "म्हणायचे, 'गो, ह्या बागेत एक बरा हाय. वानर नाय.'"

मी हातातली आंब्याची फोड परत ताटलीत ठेवली.

एवढ्यात विठूकाका आले. हे आमचे शेजारी, अण्णांचे जुने सोबती. रोज चारला येऊन ते अण्णांच्या खांद्यावरून बाग बघायचे आणि सल्ला द्यायचे, हे मला तेव्हा कळलं.

"काय अण्णा, कालचा फळ उतरवलास काय?"

"बाग गेली, विठू."

"गेली? वणवा लागला?"

"सुध्या इलाय मुंबईसून."

विठूकाकांनी खाली बसत कपाळावर हात मारला. मग मला म्हणाले, "अरे, पण राखण दिलेली ना रे बागेची!"

बागेला डोळ्यांना न दिसणारा एक राखणदार असतो आणि वर्षातून एकदा त्याला नारळ ठेवून गाऱ्हाणं घालायचं, ही आमच्याकडची रीत. खरी बाग कराराने गेल्यावर ते कामही करारवाल्याकडे गेलं. तेव्हा अण्णांनी फोन पाटावर ठेवला, त्याच्यापुढे नारळ ठेवला, विठूकाकांना साक्षीला घेतलं आणि रीतसर गाऱ्हाणं घातलं, 'बा राखणदारा, ही बाग नवीन हाय, पण मालक जुनाच हाय, तर सांभाळ.' कोंबडा द्यायचा का, यावरही दोघांची चर्चा झाली होती. पण बागेच्या दारातच पिल्लू उभं असल्यामुळे ते बरं दिसणार नाही असं ठरलं. दुसऱ्या कोणी सांगितलं असतं तर मी पोट धरधरून हसलो असतो. त्या दिवशी हसू येईना.

"मग राखणदाराने कसा काय सोडला ह्याला?" विठूकाकांनी विचारलं.

"तो भायरच्याला अडवतो रे," अण्णा शांतपणे म्हणाले. "घरच्या माणसाला वाट देतो. त्याचा काय चुकला?"

"अण्णा, थांबा! आणतो परत!" मी ओरडलो आणि फोनवर झडप घातली. 'चालू करा' दाबलं. पिल्लू आलं! आईने देवाला हात जोडले, विठूकाका उठून उभे राहिले. पिल्लाने टोपी काढली, वाकून नमस्कार केला आणि चिरक्या आवाजात म्हणालं, "स्वागत आहे, नवीन शेतकरी मित्रा! शेती कशी करतात, मी शिकवतो! चला, पहिलं गाजर लावूया!" पलीकडे मोकळी तांबडी जमीन. एक झाड नाही.

ज्या माणसाने सड्यावर कातळ फोडून कलमं जगवली, त्याला पिल्लू बाण दाखवून बी कुठे टाकायचं ते सांगत होतं. अण्णांनी फोन माझ्या हातातून घेतला, पालथा करून मांडीवर ठेवला आणि मागच्या खऱ्या बागेकडे बघत बसले. तिथे गडी पेट्या भरत होते.

माझी सुट्टी बाकी होती. मी प्रायश्चित्त घ्यायचं ठरवलं. "अण्णा, मी पोचवतो तुम्हाला आंब्यापर्यंत!" म्हणून गाजरं लावायला बसलो. पहिलं पीक मी समुद्रावर पोहायला गेलो तेव्हा वाळलं. दुसरं आत्याशी बोलता बोलता वाळलं. तिसऱ्याला इतकं पाणी घातलं की पिल्लू रडायला लागलं! आई चूल फुंकता फुंकता म्हणाली, "जाऊ दे रे. तुझ्या हाताखाली खोटा गाजर पण जगत नाय." अण्णांनी हात पुढे करून फोन परत घेतला.

परतीच्या गाडीत मला झोप लागली नाही. ती बाग मी अण्णांकडून दोनदा काढून घेतली होती. एकदा कराराने, एकदा बोटाने. दोन्ही वेळा त्यांच्याच भल्यासाठी, आणि दोन्ही वेळा त्यांना न विचारता! याचं मला फार वाईट वाटलं, आजही वाटतं. दर रविवारी फोन करून मी विचारायचो, "अण्णा, बाग कशी आहे?" ते म्हणायचे, "टोमॅटोवर इलोय," आणि फोन आईकडे द्यायचे.

गणपतीला गेलो. आरती झाली, प्रसाद वाटला गेला, विठूकाका झांजा खाली ठेवून अण्णांच्या खुर्चीमागे जाऊन उभे राहिले. अण्णांनी फोन काढला आणि पडद्यावर बोटाने काहीतरी वेडीवाकडी रेघ ओढली. कुलूप! हे कोणाकडून शिकले देव जाणे.

"बघू, अण्णा?" मी पुढे झालो.

"लांबसून बघ. गडगा घातलाय मी बागेला."

लांबून पाहिलं. कोपऱ्यात वाकडं कलम होतं. एकच, लहानसं, पण जागेवर. मला इतकं बरं वाटलं की डोळ्यांत पाणी आलं, आणि ते लपवायला मी प्रसादाच्या ताटाकडे वळलो.

मागून विठूकाकांचा आवाज आला, "झाड बरा धरलाय हां अण्णा. वानराचा त्रास नाय ना पण?"

"एकच हाय," अण्णा म्हणाले. "मे म्हयन्यात येता, नि गणपतीला येता."

पडवीतले सगळे माझ्याकडे बघायला लागले. मी जोरदार उत्तर देणार होतो, पण तोंड भरलेलं होतं, आणि हातात प्रसादाचं केळं होतं, अर्धं सोललेलं.