वाढीव गाणी

नव्या हंगामाच्या बियाण्याला औषध चोळायला लागलं, की त्या उग्र वासानं मला एमआयडीसीतल्या आमच्या बियाणं कंपनीला जाणाऱ्या टेम्पोतली एक सकाळ आठवते. स्पीकर माझ्या मांडीवर, म्हणजे गाणी मीच लावणार, कारण टेम्पोतल्या सगळ्यांच्या आवडत्या रॅपरचा सगळ्यात पक्का चाहता मी, असं मीच ठरवलेलं. पॅकिंगवरची नवी ताई म्हणाली, "भाऊ, त्याच्या गाजलेल्या अल्बमची नव्या डिलक्स आवृत्तीतली वाढीव गाणी लावा ना." ती कधी न ऐकताच मी म्हणालो, "नुसती भरती हाये ती. बिलकुल न्हाई." पुढे रेल्वे फाटकापाशी मला डुलकी लागली, अल्बम वाजत राहिला, आणि जागा होऊन मी विचारलं, "हे जबरदस्त गाणं कुणाचं?" ताई म्हणाली, "तुमच्या भरतीतलंच हाये. आणा मंग स्पीकर इकडं!" वर्षं झाली, टेम्पोत अजून तोच अल्बम वाजतो. तो जुना का होत नाही, याचा मी रोज विचार करतो. मांडी रिकामी असल्यानं तेवढी सवड मिळते.