साहेब येईपर्यंत गुळाला हात नाही

"मॅडम, थाली को अभी हाथ मत लगाइए, साहब पहुँचने ही वाले हैं," सक्सेनाजी मला म्हणाले. त्या थाळीत गुळाचे खडे होते, शेजारी पाण्याचे लोटे भरून ठेवले होते, आणि थाळीपासून चार पावलांवर वझलवार काका मोहाच्या बुंध्याला टेकून घामाने निथळत होते. दिवस थंडीचे. डोंगरावर वारा असा की मी कानाला मफलर गुंडाळून फिरत होते. अशा वाऱ्यात एखाद्या माणसाचा शर्ट पाठीला चिकटलेला दिसला, की थाळी कुणासाठी मांडलीय हे विचारत बसायचं नसतं.

आता आधीचं सांगते. मी भोपाळहून लोकांना डे-हाइकला नेते. सकाळी बसने डोंगराच्या पायथ्याशी जायचं, पायी वर एखाद्या गावात जायचं, तिथे जेवायचं आणि उजेड असेतो धड परत यायचं. माझं ऑफिस महाराणा प्रताप नगरात, एका कोचिंग क्लासच्या वरच्या मजल्यावर आहे. लोकांना वाटतं, काय मजेचं काम आहे हिचं! मजा आहे, नाही म्हणत नाही. पण त्यात डोंगर बघणं कमी आणि माणसांचे चेहरे बघणं जास्त.

ही ट्रिप होती आमच्याच टाउनशिपच्या रिक्रिएशन क्लबची. आमच्याच म्हणजे, मी तिथेच वाढले. बाबा वर्ध्याहून ड्राफ्ट्समन म्हणून सरकारी कारखान्यात आले, टाइप टूचं क्वार्टर मिळालं, आणि दोन दारं सोडून वझलवार काका राहायचे. ते नागपूरहून नवे नवे कारखान्याच्या प्रेस शॉप विभागात लागले होते. माझ्या सायकलची सीट धरून कॉलनीभर धावले ते हेच काका. आता त्यांच्या रिटायरमेंटला वर्षभर उरलं होतं.

टाउनशिपमध्ये जे राहिलेत त्यांना सांगायला नको, पण बाकीच्यांसाठी सांगते. तिथे सगळं ग्रेडवर चालतं. घराला खोल्या किती, बागेला जागा किती, सभागृहात कुठल्या ओळीत बसायचं, सगळं. गणपतीच्या आरतीचं ताट आधी कुणाच्या हातात जाणार, हेसुद्धा ठरलेलं. माझी आई लेडीज क्लबमध्ये कधी तिसऱ्या ओळीच्या पुढे बसली नाही. तिला कुणी अडवलं नव्हतं. अडवावं लागतच नव्हतं.

आम्ही चाललो होतो खैरीटोल्याला. बुधनीच्या पुढे, विंध्याच्या धारेवरची गोंडांची वस्ती. गाडीरस्ता नाही. मातीची घरं, पांढऱ्या मातीने सारवलेल्या भिंती, त्यांवर बायकांनी बोटांनी काढलेल्या नक्षीच्या पट्ट्या, वर कौलं. गावाच्या तोंडाशी मोहाचं मोठं झाड आहे आणि तिथे गावाची एक रीत आहे. चढून वर आलेल्या माणसाच्या हातावर आधी गूळ ठेवायचा, लोट्याने पाणी द्यायचं. नाव, गाव, काम मागाहून. पटवारी येवो नाहीतर भांडी विकणारा येवो, रीत तीच. हे काम फुलिया दाईकडे असतं. दाई म्हणजे गावातली आजीच. शहरी माणसाला ती रीत गोड वाटते, तो फोटो काढतो. मी मात्र तिच्यावर हिशोब बांधते. चढ संपतो तेव्हा अंगातली साखर उतरलेली असते आणि जेवणाला अवकाश असतो. मधली खिंड तो गूळ लढवतो.

बसमध्ये मी नेहमीसारखं विचारलं, शुगर, बीपी, दमा, कुणाला काही आहे का? दोन बायकांनी हात वर केले, बाकी सगळे ठणठणीत. वझलवार काका खिडकीबाहेर बघत होते. त्यांच्या शेजारच्या सीटवर त्यांचे शॉप मॅनेजर बसले होते. आता मॅनेजरसमोर कोण म्हणणार, मला शुगर आहे आणि सकाळी गोळी घेऊन आलोय! शेवटच्या वर्षी कारखान्याच्या मेडिकलवाल्यांनी काहीबाही लिहिलं तर काय, ही भीती. हे मला नंतर कळलं.

कारखान्याचे जीएम साहेब बसमध्ये नव्हते. त्यांची मीटिंग होती, ते मागून गाडीने येणार होते. म्हणून माझा जोडीदार इरफान पायथ्याशी थांबला. आमच्या कामात दोन गाइड लागतात. पुढचा तो लीड, मागचा तो स्वीप. स्वीप म्हणजे झाडूसारखं मागून सगळ्यांना गोळा करत येणारा. फर्स्ट एडची बॅग नेहमी स्वीपकडे असते, कारण ज्याला त्रास होतो तो मागे पडतो आणि स्वीपला सापडतो. त्या दिवशी स्वीप जीएम साहेबांसाठी खाली राहिला, आणि बॅगही. ग्लुकोज त्या बॅगेत.

चढताना काका माझ्या मागेच होते. गप्पा मारत, मधेच दम खात. अर्ध्या वाटेवर थांबलो तेव्हा मी म्हटलं, पॅकेट्स उघडा, थोडं पोटात जाऊ द्या. गावातल्या जेवणाखेरीज क्लबची पुरीभाजीची पॅकेट्स होती, ती सक्सेनाजींच्या ताब्यात. सक्सेनाजी क्लबचे सेक्रेटरी. ते म्हणाले, लंच वर, साहेबांसोबत, ग्रुप लंच. माझ्या सॅकमधली बिस्किटं मी वाटली, ती कितीशी पुरणार. काकांनी त्यांचं बिस्किट शेजारच्या बाईंना दिलं. वर जेवायचंच आहे ना, म्हणाले.

वर पोचल्यावर मी फुलिया दाईला रामराम केला आणि स्वयंपाक कुठवर आलाय ते बघायला गावाच्या दुसऱ्या टोकाला गेले. गूळ-पाणी चालू होईल, लोक टेकतील, असं धरूनच गेले होते. तिथे चुलीवर मक्याच्या भाकरी चालल्या होत्या. बऱ्याच वेळाने परत येते तर काय! मोहाला बॅनर बांधलेलं, त्यावर जीएम साहेबांचं नाव आणि हार्दिक स्वागत. दाईला आणि तिच्या सुनेला थाळी घेऊन बॅनरखाली उभं केलेलं, थाळीत गुळाशेजारी साहेबांसाठी हार. आमची सगळी मंडळी समोर सतरंजीवर बसलेली, मांडीवर पुरीभाजीची बंद पॅकेट्स, आणि एकाच्याही तोंडात कण नाही. दोन लहान पोरी आईला पाणी मागत होत्या आणि त्यांची आई त्यांना चूप करत होती. पाणी समोर भरलेलं!

दाई मला बघून कावलीच. "हमने तो थाली निकाली थी बाई. इन्होंने रोक दी. पाहुने सूखे मुँह बैठे हैं."

डोकं फिरलं माझं. अहो, रीत गावाची, गूळ दाईचा, अंगण तिचं, आणि तिला थांबवणारे तुम्ही कोण? त्या बाईने आयुष्यात कुणाला कोरड्या तोंडाने बसवलं नसेल. तिला तुम्ही फोटोसाठी खांबासारखी उभी केलीत. हे सगळं मी सक्सेनाजींना सुनावणारच होते, तेवढ्यात काका दिसले.

मी जवळ जाऊन विचारलं, काका, बरं वाटत नाही का? त्यांनी माझ्याकडे बघितलं, पण ओळख लागल्यासारखं नाही. हात थरथरत होते.

"सायरन झाला का?" त्यांनी चिडून विचारलं. "शिफ्ट सुटली का नाही अजून?"

हे ऐकलं आणि मला कळलं. शुगरच्या गोळीवर असलेला माणूस खूप चालला आणि वेळेवर जेवला नाही, की रक्तातली साखर एकदम खाली जाते. मेंदूला साखर लागते, तो आधी उपाशी पडतो. मग माणूस घामाने भिजतो, थरथरतो, उगाच चिडतो, भलतंच बोलतो. बघणाऱ्याला वाटतं, दमला असेल. गिळता येतंय तोवर गोड दिलं तर माणूस परत येतो. एकदा शुद्ध गेली की तोंडात काही घालता येत नाही, आणि खैरीटोल्याहून दवाखान्यात पोचायला आधी डोंगर उतरावा लागतो.

मी थाळीकडे धावले आणि तेव्हा सक्सेनाजींनी ते वाक्य उच्चारलं. थाली को हाथ मत लगाइए. मी सरळ मूठभर गूळ उचलला. दाईने तर अख्खी थाळीच माझ्याकडे सरकवली, हार खाली मातीत पडला.

आणि मग जे झालं ते आठवलं की अजून तळपायाची आग मस्तकात जाते. मी गूळ काकांच्या तोंडाशी नेला. काकांनी माझा हात बाजूला सारला.

"थांब," म्हणाले, "साहेब यायचेत अजून."

त्या माणसाला आपण कुठे आहोत ते कळत नव्हतं. मी कोण ते कळत नव्हतं. सकाळ की दुपार ते कळत नव्हतं. साहेब यायचेत, एवढं मात्र पक्कं होतं. दोनदा सांगितलं, तिसऱ्यांदा ओरडले, त्यांनी दात घट्ट मिटून घेतले. मागे क्लबची मंडळी उठून बघत उभी. शेवटी मी काय केलं, तर त्यांच्या कानाशी वाकले आणि म्हटलं, "काका, साहेबांनीच पाठवलाय. खाऊन घ्या म्हणाले."

काकांनी तोंड उघडलं.

गूळ, वर पाणी, परत गूळ. दाईने त्यांचं डोकं आपल्या खांद्याला टेकवून धरलं होतं. हळूहळू थरथर थांबली. थोड्या वेळाने त्यांनी मला नावाने हाक मारली आणि विचारलं, मीनल, तू का रडतेस? मी रडत होते हे मलाच माहीत नव्हतं. रागाने रडत होते, हे त्यांना सांगून उपयोग नव्हता.

एव्हाना मंडळींनी आपापली पॅकेट्स उघडली असतील असं तुम्हाला वाटेल. छे! एकानेही नाही. डोळ्यांसमोर माणूस भुकेने कोसळता कोसळता वाचला, तरी पुऱ्या मांडीवर तशाच. मी एकेकाच्या पॅकेटचा दोरा तोडत फिरले. दाईच्या सुनेने पोरींना पाणी दिलं.

जीएम साहेब इरफानबरोबर वर आले ते या गोंधळात. माणूस वाईट नव्हता, ते सांगायला हवं. काय झालं, त्यांनी विचारलं. मी सगळं सांगितलं. त्यांचा चेहरा उतरला.

"मेरे लिए रुके थे? मैंने तो नीचे गाड़ी में सैंडविच खा लिया. मैंने किसी को रुकने को नहीं कहा."

"कहा नहीं सर," मी म्हटलं, "पर आज तक कभी मना भी तो नहीं किया."

सक्सेनाजी माझ्याकडे असे बघत होते, जणू मी आरती चालू असताना चपला घालून देव्हाऱ्यात शिरलेय. साहेब काहीतरी बोलणार होते, तेवढ्यात वझलवार काका झाडाचा आधार घेत उभे राहिले. मी खाली बसवतेय तरी उभे राहिले. हात जोडले आणि म्हणाले, "सॉरी सर, मेरी वजह से प्रोग्राम डिस्टर्ब हो गया."

काय बोलायचं? सांगा, काय बोलायचं! ज्याचा जीव जात होता त्याने माफी मागितली, आणि ज्यांनी थाळी अडवली त्यांनी मातीतला हार झटकून साहेबांच्या गळ्यात घातला. हो, घातला. साहेबांनी घालून घेतला. फोटोही निघाला. दाईने त्यांच्या हातावर गुळाचा खडा ठेवला, सगळ्यांना दिला तेवढाच, सगळ्यांच्या नंतर.

जेवून, विश्रांती घेऊन काका माझ्या आणि इरफानच्या मधून व्यवस्थित उतरले. दुसऱ्या दिवशी मी काकूंना सगळं सांगितलं, काकांच्या शिव्या खाल्ल्या, पण काकू त्यांना दवाखान्यात घेऊन गेल्या. डॉक्टरांनी गोळी बदलली आणि खिशात गोड ठेवायला सांगितलं. मला सक्सेनाजींचा फोन आला, मॅडम, आपका टोन ठीक नहीं था. पुढच्या वर्षी क्लबने दुसरा गाइड केला. मी दोन गोष्टी बदलल्या. ग्लुकोज आता लीडच्या सॅकमध्येही असतं, आणि गावाच्या तोंडाशी शेवटच्या माणसाच्या हातावर गूळ पडेपर्यंत मी थाळीपासून हलत नाही. चुलीवर भाकरी जळली तरी चालेल.

काका रिटायर झाले तेव्हा कॅन्टीनमध्ये निरोप समारंभ होता. काकूंनी मला आग्रहाने बोलावलं. टेबलावर शाल, श्रीफळ. प्रत्येकापुढे कागदाने झाकलेली प्लेट, समोसा आणि वेफर्स. साहेबांना उशीर होत होता. अख्खा हॉल प्लेटकडे बघत बसला होता. वझलवार काका समोरच्या खुर्चीत, गळ्यात अजून हार नाही, कारण तो साहेब घालणार होते.

काकांनी दाराकडे बघितलं, मग माझ्याकडे. खिशातून रुमाल काढला, घाम पुसायचा म्हणून तोंडावर धरला, आणि रुमालाआड त्यांचा जबडा हलायला लागला. गूळ होता. घास गिळून झाल्यावर त्यांनी ओठ नीट पुसले, रुमालाची घडी केली आणि मला हळूच मान डोलावून दाखवली. बघ, ऐकतो की नाही तुझं!

मी माझ्या प्लेटवरचा कागद काढला आणि सगळ्यांच्या देखत समोसा खाल्ला. गार झाला होता.