घरचा खांदा

“मी इथे नाहीच असं समजा,” म्हणत तो कुणाच्याही घरात शिरायचा. आता तुम्हीच सांगा, सहा फुटांचा गडी, सुटलेलं पोट, डोक्यावर लालभडक टोपी, खांद्यावर कॅमेरा. हा नाही असं समजायचं कसं? रत्नागिरीभर हिंडून तो माहितीपट करायचा आणि मी काठीला माईक बांधून त्याच्यामागे धावायचो.

पूर्णगडला एक मावशी जाळं विणताना हवी होती. कॅमेरा येणार म्हणून ती लग्नातला शालू नेसून, सगळे दागिने घालून बसली. मान हलेना. याने कॅमेरा शेजारी ठेवला, जाळं स्वतःच्या मांडीवर ओढलं आणि मुद्दाम गुंता केला.

“मेल्या, हात मोडले काय तुझे? सरक!” मावशीने पदर खोचला आणि भराभर विणायला लागली. त्याने मला डोळा मारला. कॅमेरा कधीचा चालू होता.

असा हा लबाड माणूस एकदा स्वतःच्याच गावच्या शिमग्यावर माहितीपट करायला निघाला. शेवट आपल्या दारात नाचणाऱ्या पालखीने करू, असं त्याने मुंबईच्या निर्मात्याला छातीठोकपणे सांगितलं. वाडीतलं ते शेवटचं घर. तिथे दरवर्षी थोरला भाऊ पालखी नाचवायचा. भाऊ गेल्यानंतरचा हा पहिला शिमगा. दारात ओटीचं ताट घेऊन वहिनी एकट्याच उभ्या.

पालखी अंगणात आली. ढोल थांबला.

“घरचा खांदा कोण देणार?” म्हाताऱ्या मानकऱ्यांनी विचारलं.

“काका, कुणीही घ्या ना,” तो कॅमेऱ्यामागून पुटपुटला. “मला एवढं चित्रण मिळवायचंय.”

“राहू दे, भावोजी,” वहिनी म्हणाल्या. “तुमचं काम होऊ दे. शेजारचे घेतील.”

त्याने कॅमेऱ्यातून डोळा काढून त्यांच्याकडे पाहिलं. मग कॅमेरा बंद केला, अंगणाभोवतीच्या चिऱ्याच्या गडग्यावर ठेवला आणि चपला भिरकावून पालखीखाली शिरला.

“मी घेतो चित्रण!” मी धावलो.

“नको! तो माईकपण ठेव. ये इकडे, खांदा दे!”

आणि काय नाचला हो! पाय एकीकडे, पोट दुसरीकडे. टोपी उडाली, गुलाल नाकातोंडात गेला. वहिनी दारातून ओरडत होत्या, “भावोजी, कंबर सांभाळा! कंबर!”

निर्माता भडकला. माहितीपट शेजाऱ्यांच्या अंगणातच संपवावा लागला.

आता तो नाही. शिमग्याला वाडीतली माणसं त्याच्या घरी जमून तो माहितीपट बघतात. शेजाऱ्यांच्या दारातली पालखी वळते आणि पडदा काळा होतो. तेव्हा वहिनी माझ्याकडे बघून म्हणतात, “हं, आता पुढचं तुम्ही दाखवा.”

मी उठतो.