अर्ध्यावर थांबलेलं चाक
एखाद्या गॅरेजवरून जाताना तापलेल्या तेलाचा वास आला, की मला इस्लामपूरकडच्या साखर कारखान्यातली ती दुपार आठवते. मी इंजिनिअर म्हणून नुकतीच लागले होते आणि मिलचं अवजड दातेरी चाक बदलायचं होतं. गाळप थांबलं होतं, बाहेर उसाच्या ट्रॉल्या तटल्या होत्या. असं चाक तापवून फुगवायचं, शाफ्टवर चढवायचं, मग निवताना ते घट्ट आवळून बसतं. वाटेतच निवलं तर मात्र कापूनच काढावं लागतं. चाकाचं वजन, लोखंडाची विशिष्ट उष्मा आणि वाढवायचं तापमान, यांवरून लागणारी उष्णता मी काढली होती आणि त्या हिशेबाने चाक तेलाच्या टाकीत तापत होतं. क्रेनने वर उचललं तेव्हा ते काळंच दिसत होतं, अगदी गार असल्यासारखं. “मॅडम, तापलं असंल न्हवं?” म्हाताऱ्या फिटरने विचारलं. “तापलंय,” मी म्हणाले आणि मनातल्या मनात आकडे पुन्हा जुळवून पाहिले. चाक शाफ्टवर अर्ध्यापर्यंत गेलं आणि थांबलं. सगळे माझ्याकडे बघायला लागले. मी खाली वाकले, तर चाक जरासं कललेलं दिसलं. “ही बाजू उचला, लगेच,” मी कशीबशी म्हणाले. क्रेन हलली, फिटरने लाकडी ओंडक्याने ठोका दिला आणि चाक सरकत जाग्यावर बसलं. बाहेर येऊन मी पायरीवर टेकले. फिटर चहा घेऊन आला. माझ्या हातात कप देऊन तोही शेजारी टेकला. “माझं आयुष्य गेलं ह्यात,” तो म्हणाला, “पर भ्या काय जात न्हाई.” आता अशी कामं माझ्याच देखरेखीखाली होतात, आणि चाक अर्ध्यावर आलं की मी अजूनही श्वास रोखून धरते.